वाकडे जीव आणि विसर्जनाची माती

खाडीत शेवाळाच्या गुंत्यात एक जीव राहतो. तांदळाच्या दाण्याएवढा, दोन्ही बाजूंनी दाबल्यासारखा चपटा आणि पाठीत वाकलेला. सरळ पोहणं त्याला जमत नाही, कुशीवर पडून वळवळत जातो. कोळंबीच्या लांबच्या नात्यातला. आमच्या खाडीकाठच्या बायकांनी तो जन्मभर पाहिलेला असतो, पण त्याला नाव नाही. जे खाता येत नाही आणि चावतही नाही, त्याला नाव ठेवायला वेळ कोणाकडे आहे? कॉलेजातल्या मॅडम त्याला अँफिपॉड म्हणायच्या. माझ्या सासूबाई ‘मॅडमची वाकडी’ म्हणायच्या. घरात सासूबाईंचं नाव चाललं.

मी तेव्हा पेणच्या एका कॉलेजात प्राणिशास्त्राच्या प्रयोगशाळेत सहायक होते. बेडूक मोजणं, बरण्यांतलं औषध बदलणं, मुलांनी फोडलेल्या काचा झाडणं हे माझं काम. मॅडम पुण्याहून आलेल्या, वयाने माझ्याहून लहान, नोकरी तात्पुरती. पीएचडी झाली तर नोकरी राहणार, नाही तर दिवाळीनंतर पुण्याला परत. विद्यापीठाने मुदत दोनदा वाढवून दिली होती आणि तिसऱ्यांदा देणार नाही असं स्पष्ट सांगितलं होतं. प्रबंध जवळजवळ लिहून झाला होता. अडलं होतं ते एका शेवटच्या प्रयोगावर, आणि तो प्रयोग अडला होता या वाकड्यांवर.

प्रयोग सांगायला सोपा आहे. खाडीच्या वेगवेगळ्या ठिकाणचा गाळ आणायचा. काचेच्या बरणीत तळाला गाळ, वर खाडीचं गाळलेलं पाणी, त्यात वीस वाकडे सोडायचे. दहा दिवसांनी चाळणीवर ओतून मोजायचे. किती जगले, किती मेले. गाळ कसा आहे ते यंत्र सांगणार नाही, वाकडे सांगणार. मात्र सोबत दोन-तीन बरण्या अशा ठेवायच्या की त्यांत लांबच्या समुद्रकिनाऱ्यावरची चांगली, स्वच्छ माती असेल. त्या बरण्यांतले वाकडे जगलेच पाहिजेत, दहातले नऊ तरी. तिथेच ते मेले तर बाकीच्या बरण्यांना काही अर्थ नाही. कारण मग दोष गाळाचा की आपल्या हातांचा, हे कळायचं कसं? मॅडमच्या पीएचडीच्या सरांनी पुण्याहून बजावलं होतं, स्वच्छ बरण्या आधी दाखवा, मग बोला.

त्याआधीचा प्रयोग उन्हाळ्यात विजेने घालवला होता. रात्रभर वीज गेली, पाण्यात हवा सोडणारे पंप बंद पडले आणि सकाळी सगळे वाकडे सारखेच मेले. त्या बाबतीत आमच्या वीज मंडळाने कधी भेदभाव केला नाही.

गाळ गोळा करायला मॅडम धरमतरच्या जेट्टीच्या बाजूला जायच्या, मी सोबत. रोह्याकडच्या खाडीतला गाळही हवा होता. रोहा माझं माहेर, म्हणून ते काम माझ्याकडे आलं. राखीपौर्णिमेला गेले आणि येताना डबा भरून काळा गाळ घेऊन गाडीत बसले. शेजारी बसलेल्या बाईने नाकाला पदर लावला.

“काय गो त्यात?”

“चिखल.”

“माहेरून चिखल?” ती म्हणाली. “भाऊ बोलत नाय वाटतं तुझ्याशी.”

मी तिला प्रयोग समजावायला गेले. कासू येईपर्यंत तिने ऐकून घेतलं. कासू सुटल्यावर ती उठून दाराशी जाऊन उभी राहिली. पुढे कुठे जायचं होतं तिला देव जाणे, मी पेणला उतरले तेव्हाही ती तिथेच होती.

मॅडमनी प्रयोग लावला आणि दोनच दिवसांत गणपतीची सुट्टी आली. पेणमध्ये गणपती म्हणजे गावचं गाव त्यातच. कॉलेजला कुलूप, शिपाई गावी, आणि पंपांकडे बघायला कोणी नाही. मॅडमच्या भाड्याच्या खोलीत दिवा लावला की पंखा बंद पडायचा. मी म्हटलं, आमच्या मागच्या खोलीत ठेवू. शेजारच्या भाभींच्या नवऱ्याने दुबईहून पाठवलेली मोठी बॅटरी होती, वीज गेली तर त्यांच्या खिडकीतून वायर ओढता येणार होती. बरण्या आम्ही रिक्षातून आणल्या, मांडीवर घेऊन. रिक्षावाल्याला वाटलं लोणचं. त्याने भाव विचारला.

घरात गौरी-गणपती, आला-गेला, आणि मागच्या खोलीत बुडबुड करणाऱ्या बरण्यांची रांग. बघायला येणाऱ्या बायका आधी देवाला हात जोडायच्या, मग मागे जायच्या. मॅडम रोज सकाळी यायच्या आणि विचारणाऱ्याला उत्तर द्यायच्या. प्रयोगात न घेतलेले जास्तीचे वाकडे वेगळ्या परातीत होते, तीच बायकांची जत्रा. यांच्यातला नर मादीला पोटाशी धरून दिवसेंदिवस घेऊन फिरतो, तिची कात टाकायची वेळ येईपर्यंत सोडत नाही, हे मॅडमनी सांगितलं तेव्हा भाभी वाकून वाकून बघत राहिल्या.

“आमचा माणूस दोन वर्सांनी येतो,” त्या म्हणाल्या, “आनि यो बघा. खाली ठेवीत नाय.”

“दुबईला पाठव त्याला,” सासूबाई म्हणाल्या. “शिकंल.”

“आणि अंडी आईच्या पोटाखालच्या पिशवीत वाढतात,” मॅडम म्हणाल्या. “पिल्लं तिथूनच बाहेर पडतात.”

“मग डोहाळजेवण कधी करायचं?” भाभींनी विचारलं. मॅडम हसल्या. महिनाभरात मी त्यांना पहिल्यांदा हसताना पाहिलं, पण मला भांडी होती, मी निघाले.

माझे यजमान कंपनीत शिफ्टला. त्यांचं म्हणणं एवढंच की घरात माणसांसाठी पंखा बंद आणि किड्यांसाठी हवा चालू, हे त्यांनी कामगार संघटनेत सांगितलं तर संप होईल.

गौरींबरोबर आमचा गणपती जातो. त्या दिवशी संध्याकाळी सासूबाई आणि यजमान नदीवर गेले. मी घरात राहिले, कारण खिरापत वाटायची होती. आमच्याकडे विसर्जन झालं की पाट रिकामा आणत नाहीत. जिथे देव सोडला तिथली मूठभर ओली माती पाटावर घेऊन येतात आणि घराच्या चारी कोपऱ्यांत, तांदळाच्या पिंपात, गुरं असली तर गोठ्यात टाकतात. देव गेला तरी घर मोकळं पडू नये म्हणून. सासूबाईंनी हे जन्मभर केलं होतं आणि त्यात कधी चूक झाली नव्हती.

मी शेजारी वाटप करून परत आले तर मॅडम पुढच्या खोलीत बसून खिरापत खात होत्या आणि सासूबाई हात धूत होत्या.

“झालं गो सगळं,” सासूबाई म्हणाल्या. “कोपरे झाले, तांदूळ झाले. मागं तुझ्या मॅडमच्या वाकड्यांना पन टाकली चिमूट चिमूट. सगल्यांना सारकी. कोन म्हनायला नको, मला नाय मिलाली.”

मॅडमच्या हातातला घास तसाच राहिला.

“कोणत्या बरण्यांत, आजी?”

“सगल्या गो. आता देवाघरी भेदभाव करू?”

आम्ही मागे गेलो. प्रत्येक बरणीच्या तळाशी राखाडी ठिपका बसलेला, त्यात कुठे गुलालाचा कण, कुठे सोनेरी रंगाची चमक. स्वच्छ बरण्यांतही. वाकडे मजेत फिरत होते. एकाने तर त्या ठिपक्यातच घर करायला घेतलं होतं.

मी व्यवहारी बाई आहे. मी म्हटलं, “मॅडम, चिमूटभर तर आहे. आणि सगळ्यांत सारखीच पडली आहे.”

“सारखी पडली हे कोणी मोजलं, ताई? आणि ज्या घाटावर अख्ख्या गावाचे गणपती बुडतात तिथली माती. रंगात काय काय असेल. स्वच्छ बरणी आता स्वच्छ राहिली नाही.”

हे सासूबाईंनी ऐकलं. “स्वच्छ नाय म्हंजे?”

“आजी, तसं नाही…”

“देवाची माती हाय ती! आमच्या घरात चार पिढ्या टाकतात, तिच्यानं कोन मेलं नाय. तुझ्या त्या परक्या किनाऱ्याच्या मातीला तू सोवळ्यात ठेवलीस, आनि माझी माती ओवळी?”

मॅडमना रडू आलं. रागाने नाही, हिशोब डोळ्यांसमोर आला म्हणून. प्रयोग मोडायचा, पुन्हा वाकडे पकडायचे, त्यांना चार दिवस पाण्याची सवय करायची, पुन्हा दहा दिवस, मग सरांची सही, मग विद्यापीठ. मुदत संपत होती. “मी लिहूच शकत नाही हे,” त्या म्हणत होत्या. “विचारलं तर काय सांगू?” कोणी विचारलं नसतं. पण ही बाई न विचारता सांगणारी होती, हे मला ठाऊक होतं. रडायला वेळ नव्हता आणि गौरी गेल्या की आमच्या घरात पितळेच्या भांड्यांचा डोंगर असतो. मी त्यांच्या हातात चिंच आणि एक पातेलं दिलं. घासता घासता आम्ही ठरवलं, प्रयोग पुन्हा लावायचा. गाळ आणि स्वच्छ माती डब्यांत शिल्लक होती, वाकडे मात्र नव्याने पकडायला हवे होते.

अडचण भरती-ओहोटीची होती. मध्ये भांगाचे दिवस होते, पाणी धड चढत नाही, धड उतरत नाही. शेवाळाचे दगड पुरते उघडे पडायचे तर पौर्णिमेच्या उधाणाची वाट बघायला हवी. तेव्हा ओहोटी मोठी, पण ती टिकते थोडाच वेळ. आम्ही दोघींनी आधीच्या वेळी वाकडे जमवायला कितीतरी ओहोट्या घालवल्या होत्या. एका ओहोटीत दोन बायकांच्या हातून ते होणार नाही, हे मॅडमनाही दिसत होतं आणि मलाही.

सासूबाई दोन दिवस आमच्याशी बोलल्या नाहीत. तिसऱ्या दिवशी सकाळी नवं लुगडं नेसून स्टेशनला निघाल्या. कासूच्या पलीकडे खाडीला लागून त्यांचं माहेर. “भावजयीला भेटून येते,” एवढंच म्हणाल्या.

पौर्णिमेला आम्ही दोघी धरमतरच्या बाजूला उतरलो तेव्हा बांधावर पाच-सहा बायका बसल्या होत्या. कासोटे खोचलेले, सोबत परात, सूप, प्लास्टिकचे डबे, डोक्यावर टोपल्या. मधोमध सासूबाई. भाभीसुद्धा आल्या होत्या, चपला हातात घेऊन.

“ही माझ्या माहेरची मानसं,” सासूबाई माझ्याकडे न बघता म्हणाल्या. “जवला निवडतात ती वाकडी निवडतील. काय शोधायचं ते सांग गो त्यांना, पानी थांबनार नाय.”

मॅडमनी सांगितलं. एकसारख्या आकाराचे हवेत, तरतरीत हवेत. पोटाखाली अंडी असलेली मादी नको. जोडी नको. शेवाळ डब्यातल्या पाण्यात झटकायचं, ते पाणी परातीत ओतायचं, परातीतून चमच्याने उचलायचे.

बायकांनी ऐकून घेतलं आणि फतकल मारून बसल्या. तांदूळ निवडायला बसावं तशा. गप्पाही तशाच सुरू झाल्या, कोणाच्या सुनेने काय केलं, कोणाच्या गणपतीला किती खर्च झाला. हात थांबत नव्हते. मी आणि मॅडम भिंगाने बघून एकेक उचलायचो, यांच्या परातीत बघावं तर अर्धं काम झालेलं. फक्त एका गोष्टीने घोळ घातला. जोडी नको म्हटल्यावर सासूबाईंच्या भावजयीने एक जोडी चमच्याने हळूच वेगळी केली आणि दोघांना दोन डब्यांत टाकलं.

“अगो, काय करतीस?” दुसरी ओरडली. “संसार मोडतीस व्हय?”

“मॅडम बोलली जोडी नको.”

“नको म्हंजे सोडून द्यायची. तुला कोनी न्यायाधीश केली?”

“दादला सोडीत नव्हता. सुटली तर बायलीला बरंच.”

यावर भांडण लागलं आणि बायकांत दोन तट पडले. शेवटी मॅडमनी निकाल दिला की जोड्या आहेत तशा पाण्यात परत सोडायच्या. भाभी उठून एकेक जोडी पाण्याच्या कडेपर्यंत पोचवून यायला लागल्या. पाणी चढायला लागलं तेव्हा आमचे डबे भरले होते, हवे होते त्याहून जास्त.

मॅडमनी सगळ्यांना हात जोडले. सासूबाईंनी टोपली उचलली आणि म्हणाल्या, “माझी येक अट हाय.”

मला वाटलं माफी मागायला सांगणार.

“मला पन येक बरनी लावून दे. माझ्या मातीची. तुझ्या पुस्तकात घालू नको. पन मला बघायचंय, ती कोनाला मारते.”

मॅडमनी ते मान्य केलं. सासूबाईंनी पाटावर उरलेली माती पुडीत बांधून ठेवली होती. वाकड्यांना चार दिवस पाण्याची सवय झाल्यावर मॅडमनी माती चाळली, तळाला थर दिला, पाणी घातलं, वीस वाकडे सोडले, अगदी बाकीच्या बरण्यांसारखं. बरणी रांगेत शेवटी ठेवली. कॉलेज उघडलं होतं, पण भाभींच्या बॅटरीसाठी बरण्या आमच्या मागच्या खोलीतच राहिल्या.

मग दहा दिवस आमच्या घरात सासूबाईंचं राज्य होतं. मागच्या खोलीच्या दाराशी खुर्ची टाकून त्या बसायच्या. खोलीत मच्छर अगरबत्ती नाही, धूप नाही, कापूर नाही. मॅडमनी सांगितलं होतं की डास मारणारी वस्तू वाकड्यांना आधी मारते. त्यामुळे डास आम्हाला खात होते आणि वाकडे आरामात होते. यजमान शिफ्टवरून आले की त्यांनी अंगणात पाय धुवायचे, कंपनीचे कपडे बाहेरच काढायचे, मग आत. एकदा ते तसेच घुसले तर सासूबाईंनी भर दुपारी पोटच्या मुलाला काठी दाखवली. वीज दोनदा गेली. दोन्ही वेळा भाभींना हाक मारायच्या आधीच खिडकीतून वायर आली.

मोजायच्या दिवशी मॅडमनी सकाळपासून काही खाल्लं नाही. मी अंगणात टेबल मांडलं, चाळणी, पांढरी परात, भिंग. आधी स्वच्छ बरण्या. पहिली बरणी चाळणीवर ओतली, गाळ धुऊन गेला आणि परातीत पांढुरकी, वाकडी, न हलणारी सालं तरंगायला लागली.

“मेली गो!” सासूबाई मटकन खाली बसल्या. “सगली मेली!”

मॅडमनी भिंग धरलं. मी त्यांच्या तोंडाकडे बघत होते. त्या हसायला लागल्या.

“कात आहे, आजी. कात टाकली आहे त्यांनी. आत कोणी नाही. मोठे व्हायला लागले की टाकतात.”

खरे वाकडे परातीच्या कडेला सावलीत दाटीवाटीने बसले होते. मोजले. एकोणीस. दुसरी बरणी, वीस. तिसरी, पुन्हा एकोणीस. भाभींनी खिडकीतून विचारलं, पास का? मी म्हटलं, पास.

बाकीच्या बरण्यांत कुठे किती मेले ते मॅडमच्या प्रबंधात आहे, ज्याला हवं त्याने तिथे वाचावं. शेवटी सासूबाईंची बरणी राहिली. त्या उठून टेबलापाशी आल्या, पदराने चष्मा पुसला. मॅडमनी ओतली. मोजले. सासूबाईंनी स्वतः पुन्हा मोजले, चमच्याने एकेकाला ढोसून, झोपलाय का बघून. अर्ध्याहून कमी जिवंत होते.

मॅडम म्हणाल्या, “आजी, एकाच बरणीवरून काही ठरत नाही. आणि नदीची माती, खाऱ्या पाण्यातले जीव. त्यामुळेही असेल.”

“मला समजवू नको,” सासूबाई म्हणाल्या. “मी बघितलं ना.” परातीतले मेलेले वाकडे त्यांनी बोटाने एका बाजूला केले. मग पदर खोचून चपला घातल्या. त्यांचा भाचा गल्लीच्या टोकाला मूर्ती रंगवायचा. तिथून त्यांचा आवाज आमच्या अंगणापर्यंत आला.

“रंगात काय कालवतोस रे, मेल्या?”

“मावशे, गिऱ्हाइकाला चमक लागते.”

“चमक लागते! तुझी चमक बघून आले मी आता. परातीत पडलीय!”

त्या परत आल्या तेव्हा मॅडम सरांना फोन करायला एसटीडी बूथवर निघाल्या होत्या. सासूबाई म्हणाल्या, मीही येते. मी दोघींबरोबर गेले. बूथवर चार माणसं रांगेत होती. मॅडमचा नंबर लागला, पलीकडून सरांना नीट ऐकू येईना, म्हणून त्या ओरडायला लागल्या.

“सर, जगले! हो, सगळे! एक-दोन गेले, पण बाकी सगळे जगले! आता सही कराल ना, सर?”

रांगेतले लोक वळून बघायला लागले. मॅडम घाम पुसत, हसत, डोळे ओले करून काचेच्या दारातून बाहेर आल्या. “सर म्हणाले, सोमवारी या, सही करतो.” मागे उभ्या असलेल्या म्हाताऱ्याने टोपी काढली.

“अपघात का हो?” त्याने सासूबाईंना हळूच विचारलं. “गेले त्यांचं वाईट झालं. पण बाकीचे वाचले, ही देवाची कृपा.”

“नाय,” सासूबाई म्हणाल्या. “या टायमाला देवाला खोलीच्या भायेर ठेवला होता.”